पॅन कार्डावरचा सासरा

उन्हाळा संपत आला की आमच्या भागात गावोगाव एक पिकअप फिरते. टपावर भोंगा असतो आणि भोंग्यातून एक नवरा-बायको भांडत असतात. त्यातला नवरा मी.

बायको विचारते, "अवो, बियाची पिशवी कोणती आणली?" मी म्हणतो, "स्वस्तातली." मग ती मला जे काही बोलते, ते ऐकायला माणसं हातातलं काम टाकून गाडीपाशी येतात. माझी पुरती शोभा झाली की ती कंपनीच्या बियाण्याचं नाव घेते आणि म्हणते, "न्या, पेरा, अन् उगवलं न्हाई तर मला धरा!" हे वाक्य इतकं चाललं की वाटूरच्या फाट्यावर एक जण तेच ओरडून टरबुजं विकतो. टरबुजाला त्या वाक्याचा काय उपयोग, हे मला अजून कळलेलं नाही.

भोंग्यातली ती बायको म्हणजे माझीच बायको, दैवशाला. मी तातेराव मिसाळ, मुक्काम राजूर. संवाद लिहिणं, आवाज देणं, रेकॉर्डिंग करणं हा माझा स्वतंत्र व्यवसाय आहे. स्वतंत्र म्हणजे पगार नाही, रजा नाही आणि सोयरिकीच्या बैठकीत "पाहुणे काय करतात?" असं कुणी विचारलं की सगळे एकदम खोकतात. आतल्या खोलीत भिंतींना गोधड्या टांगायच्या, पंखा बंद करायचा आणि घामाघूम होऊन भांडायचं, हा आमचा स्टुडिओ. एरवी आम्ही फारसे भांडत नाही, तेवढा दम उरत नाही.

इतकी वर्षं कंपनीचे जुने मॅनेजर आमचं मानधन ख्वाजामियाँच्या हाती पाठवायचे. ख्वाजामियाँ आमच्या शेजारी राहतात, मंडप आणि लाउडस्पीकरचा त्यांचा धंदा आहे, पिकअप आणि भोंगा त्यांचाच. यंदा जुने मॅनेजर निवृत्त झाले आणि जालन्याच्या ऑफिसातून एका मुलीचा फोन आला.

"सर, तुमचं स्टेटस काय आहे?"

"विवाहित," मी म्हणालो.

"तसं नाही सर, तुमच्या फर्मचं. प्रोप्रायटर, पार्टनरशिप, एलएलपी की प्रायव्हेट लिमिटेड?"

माणसाचा आयुष्यात कधी कधी अपमान होतो आणि अपमान करणाऱ्याला त्याचा पत्ताही नसतो. मी विचार करून कळवतो म्हणालो. तिनं सांगितलं, एक नाव, एक पॅन नंबर आणि एकच बिल पाहिजे, दहा जणांचे दहा कागद चालणार नाहीत. मृगाच्या आधी गाडी फिरायला हवी, तेव्हा कागद लवकर द्या, नाहीतर साहेब म्हणतात की पुण्याहून एखादा आवाज घेऊ.

पुण्याहून! आमच्या शेतकऱ्याला पुण्याचा माणूस सांगणार, 'कृपया आपण हे बियाणे पेरावे'! माझं डोकंच सणकलं. एरवी मी शुद्ध बोलतो, आवाजाच्या माणसाला ते ठेवावं लागतं. पण राग आला की माझी भाषा सरळ घराकडं वळते. मी फोन ठेवला आणि ओरडलो, "मी बी पाहून घेतो, कोण माईचा लाल येऊन राह्यला ते!"

दैवशाला भाकरी थापत होती. ती म्हणाली, "कागदच मागितलाय ना? मंग द्या की."

कागद देणं सोपं असतं तर देशात एवढी ऑफिसं निघालीच नसती. संध्याकाळी मी ओट्यावर विषय काढला. समोर राहणारे रामराव एका सहकारी सोसायटीचे सचिव होते. निवृत्त झाले असले तरी अजून ते 'विषय क्रमांक एक' म्हटल्याशिवाय बोलत नाहीत.

"तात्या, तू संस्था काढ," ते म्हणाले. "अकरा सभासद, एक अध्यक्ष, एक उपाध्यक्ष. आवाजाची सहकारी संस्था. जिल्ह्यात पहिली."

"पण आवाज तर दोघांचाच हाय."

"बाकीचे ऐकतील. अध्यक्षपदासाठी एखादा अनुभवी माणूस पाहायचा," असं म्हणून ते अनुभवी चेहरा करून बसले. त्यांच्या मते जीएसटीचा नंबर तर आधी घ्यायला हवा होता आणि तो घेतला नाही म्हणून नोटीस निघालीच असणार, फक्त ती पोस्टात अडकली आहे.

ख्वाजामियाँचं म्हणणं नेमकं उलट. "नक्को भाई. नंबर लिया की सरकारला तुमचा पत्ता कळतो. अभी तक कैसा बराबर चालू राह्यलं होतं?"

"पण कंपनी बिलकुल ऐकत न्हाई, चाचा."

"मंग एक काम करो, बोर्ड लगाव. बोर्ड देखकर लोगां आधे सवाल नहीं पूछते."

हा एकच सल्ला मला मनापासून पटला. मी दुसऱ्याच दिवशी पेंटरकडं गेलो. 'स्वरसम्राट तातेराव अँड कंपनी' असा बोर्ड रंगवून आणला, अक्षराला सावली वगैरे. दैवशालानं तो वरपासून खालपर्यंत वाचला.

"कंपनी म्हंजी कोण?" तिनं विचारलं.

"तूच की," मी उदार मनानं म्हणालो. ती भाकरी थापायला आत गेली आणि मला वाटलं, तिला आवडलं. बोर्ड लावायला खिळा ठोकला तर भिंतीचा पोपडा निघाला, म्हणून तो तात्पुरता पलंगाखाली सरकवला.

ख्वाजामियाँची भाची गजाला जालन्यात टॅक्सची कामं करते. एका जिन्याखाली तिचं ऑफिस आहे, खुर्ची मागं सरकवली की डोकं जिन्याला लागतं. मी आणि दैवशाला तिच्याकडं गेलो. दैवशालाला सोबत नेण्याचं कारण एवढंच, की तिला तिकडून लोणच्याची बरणी घ्यायची होती.

गजालानं सगळं ऐकून घेतलं. "काका, सेवा देणाऱ्याला वर्षाला वीस लाखांपर्यंत जीएसटीचा नंबर घ्यावा लागत न्हाई. तुमचं त्याच्यावर जातं का?"

मी उगाच थोडा वेळ आठवल्यासारखं केलं आणि मग नाही म्हणालो.

"मंग ते सोडा. कंपनी काढायची म्हणलं तर दर साली ऑडिट, त्याचा खर्चा वेगळा. तुम्हाला सरळ प्रोप्रायटर होता येईल, तुमचं पॅन हाय तेवढ्यावर भागतं." मी बोर्डाचं काय करायचं हे विचारणार, तेवढ्यात ती म्हणाली, "पण काका, प्रोप्रायटर म्हंजी धनी एकटाच. आवाज तर दोघांचा हाय ना?"

"अगं, ती घरचीच हाय," मी म्हणालो.

गजालानं दैवशालाकडं पाहिलं. दैवशालानं टेबलावरच्या काचेकडं पाहिलं. गजाला म्हणाली, "बरं. पण काकूंचं पॅन तरी काढून ठेवा. स्वतःच्या नावाचा एक कागद असू द्यावा."

ते काम मी आनंदानं अंगावर घेतलं. बायकोला स्वतःची ओळख मिळवून देणारा नवरा, ही भूमिका मला शोभते. राजूरच्या कॉम्प्युटर सेंटरवर मी एकटाच गेलो. चतुर्थी होती, शेजारच्या देवळात गणपतीला आलेली अर्धी गर्दी सेंटरच्या पायरीवर चपला ठेवून बसलेली. आत मशीनपुढं बसलेला माणूस घाईत होता.

"पूर्ण नाव?"

"दैवशाला तातेराव मिसाळ."

"वडिलांचं नाव?"

आता तुम्हीच सांगा. रेशन कार्ड असो, मतदार यादी असो, बचत गटाचं पासबुक असो, बाईच्या नावापुढं जे नाव येतं तेच सगळीकडं सांगायचं, ही आमच्या हाताला लागलेली सवय. मी बेधडक म्हणालो, "तेच, मधलं." त्यानं टाइप केलं, मी घरी येऊन दैवशालाची सही घेतली. तिनं कागद वाचायला मागितला, तेव्हा मी म्हणालो, "मी हाय ना."

कार्ड आलं ते ख्वाजामियाँच्या दुकानात, कारण पोस्टमन आमच्या गल्लीचं सगळं टपाल तिथंच ठेवतो. ख्वाजामियाँना टपाल उघडून वाचून दाखवायची सवय आहे. त्यात वाईट हेतू नसतो, फक्त आवाज मोठा असतो. मी पोचलो तेव्हा रामराव आणि गल्लीतले बरेच जण तिथं जमले होते.

"नाम, दैवशाला तातेराव मिसाळ," ख्वाजामियाँनी वाचलं. "पिता का नाम…" आणि ते थांबले. चष्मा पुसला, पुन्हा वाचलं. "पिता का नाम, तातेराव मिसाळ. या अल्ला! तातेराव भाई, तुम तो बैठे-बैठे खुद के ससरे बन गये!"

त्यानंतर काय झालं ते सविस्तर सांगण्यात अर्थ नाही. एवढंच सांगतो, की ज्या गल्लीत मला लोक 'सर' म्हणत, तिथं मी 'सासरेबुवा' झालो. रामरावांनी तर विषय क्रमांक एक म्हणून विचारलं, की आता जावयाचा मान कोण कुणाला देणार. मी हसण्यावारी नेलं. घरी येऊन दैवशालालाही हसत हसत कार्ड दाखवलं आणि म्हणालो, "बघ कशी गंमत झाली."

तिनं कार्ड हातात घेतलं. वाचलं. मग डोक्यावरून पदर घेतला, मला वाकून नमस्कार केला आणि म्हणाली, "अण्णा, जेवायला वाढू का?"

अण्णा म्हणजे तिचे वडील. ते जाऊन बरीच वर्षं झाली. मला वाटलं चेष्टा आहे, एका जेवणापुरती. पण दुसऱ्या दिवशीही अण्णा, तिसऱ्या दिवशीही अण्णा. "अण्णा, चहा घ्या." "अण्णा, लेक माहेरी हाय म्हणल्यावर साडी-चोळी करावी लागते बरं." रेकॉर्डिंगसाठी मी गोधड्या टांगल्या, पंखा बंद केला, कागद तिच्यापुढं धरला. ती म्हणाली, "बापाशी असं वरच्या आवाजात भांडावं का लेकीनं? लोक काय म्हणतील."

"अगं, मृग जवळ आला! कंपनी पुण्याचा माणूस आणून राह्यली!"

"आणू द्या की अण्णा."

मी चिडलो. एवढ्याशा चुकीचं एवढं भांडवल! चुकलं ते सेंटरवाल्याचं, त्यानं नीट विचारायला नको? असं बरंच काही मी गावाकडच्या भाषेत बोललो आणि शेवटी म्हणालो, "एक नाव चुकलं तर काय आभाळ कोसळलं का?"

तेव्हा ती पहिल्यांदा अण्णा म्हणायची थांबली.

"लग्नात माझ्या नावापुढचं नाव गेलं," ती म्हणाली. "मी काही म्हणले न्हाई, समद्यांचंच जातं. रेशन कार्डावर तुम्ही, मतदार यादीत तुम्ही, पत्रिकेत सौभाग्यवती अन् पुढं तुम्ही. इतक्या वर्षांत पहिल्या डाव एका कागदानं मला विचारलं, बाई, तुझा बाप कोण? अन् तिथं बी तुम्हीच जाऊन बसलात."

मी टांगलेल्या गोधड्या एकेक करून उतरवल्या. मला लाज वाटली, आणि बोर्ड पलंगाखाली आहे तेच बरं असं वाटलं.

दुरुस्तीसाठी वडिलांच्या नावाचा पुरावा लागतो, असं गजालानं फोनवर सांगितलं. शाळेचा दाखला चालेल म्हणाली. दैवशाला हसनाबादची, शाळाही तिथलीच. आम्ही दोघं मोटारसायकलवर निघालो. गाडीवर बसताना तिनं माझ्या खांद्यावर हात ठेवला, त्यावरून मी सासरेपणातून थोडा उतरलो असं समजलो.

शाळेत पोचलो तर कारकून ट्रेनिंगला गेलेले. कपाटाची किल्ली त्यांच्या खिशात आणि खिसा जालन्यात. शिपाई म्हणाला, "दुपारच्या गाडीनं येतील, आले तर." म्हणून आम्ही आठवडी बाजारात वेळ काढत बसलो. दैवशाला एका म्हातारीकडं मेथीच्या भावावरून घासाघीस करायला लागली. म्हातारीनं जुडी हातातच ठेवली आणि मान वाकडी करून ऐकत राहिली.

"कचरूची लेक का गं तू?" ती म्हणाली.

"व्हय," दैवशाला म्हणाली. "कसं वळखलं, मावशी?"

"आवाजावरून. तसाच खणखणीत." म्हातारी, चांगुणाबाई तिचं नाव, मग माझ्याकडं वळली. "हिचा बाप इथं, ह्या लिंबाखाली बसायचा. पोतं हंथरून मेथीचं, भेंडीचं, गवारीचं बी विकायचा. ही एवढीशी, मांडीशी बसून त्याच्या संगं वरडायची. काय बरं वरडायचा कचरू?"

दैवशाला पायाखालच्या मातीकडं पाहत होती. मग तिनं मान वर केली आणि भर बाजारात, गोधड्या नाहीत, काही नाही, मोकळ्या आवाजात ओरडली, "न्या, पेरा, अन् उगवलं न्हाई तर कचरूला धरा!"

पलीकडचे दोघेतिघे वळून बघायला लागले. चांगुणाबाई टाळी वाजवून हसली आणि हसता हसता डोळे पुसायला लागली. "धरला न्हाई बाई कुणी," ती म्हणाली. "समदं उगवलं."

इकडं माझी अवस्था काय झाली असेल ती पाहा. ते वाक्य माझं होतं! म्हणजे इतकी वर्षं मी लोकांना सांगत आलो होतो, की ते वाक्य मला एका पहाटे सुचलं. नीट आठवायला गेलो तर पहाटेचं एवढंच आठवलं, की मी पेन घेऊन अडलो होतो आणि दैवशाला चुलीपाशी काहीतरी म्हणाली होती. मी ते लिहून घेतलं आणि कचरूच्या जागी 'मला' टाकलं. म्हणजे सासऱ्याच्या जागी जाऊन बसायची खोड मला पॅन कार्डाच्या आधीपासूनची होती.

"मला सांगायचं न्हाई का गं?" मी म्हणालो.

"तुम्ही एवढे खूश व्हतात," ती म्हणाली आणि मेथीची जुडी पिशवीत टाकली. चांगुणाबाईनं पैसे घेतले नाहीत, पोरीचं माहेर आहे म्हणाली.

कारकून दुपारच्या गाडीनं आले नाहीत, त्याच्या नंतरच्या गाडीनं आले. दाखला मिळाला, दुरुस्तीचा अर्ज गेला. या वेळी सेंटरवर मी दाराशी चपलांमध्ये उभा राहिलो आणि आत दैवशाला बसली. "वडिलांचं नाव?" त्या माणसानं विचारलं. "कचरू तळेकर," ती इतक्या मोठ्यानं म्हणाली की बाहेर दर्शनाच्या रांगेतली माणसं वळली.

पुन्हा आम्ही जिन्याखालच्या ऑफिसात गेलो. मी गजालाला म्हणालो, "आता प्रोप्रायटर हिलाच कर. समदं हिच्या नावावर."

मला वाटलं होतं, दैवशाला खूश होईल, निदान गजाला तरी माझ्या मोठेपणाकडं पाहील. दैवशाला म्हणाली, "नको. एकाच्या नावावर असलं की दुसरा घरचा होतो. मी होऊन पाहिलंय. आता ह्यांना कशाला घरचं करायचं?"

गजाला पेन चावत म्हणाली, "मंग पार्टनरशिप करा काकू. फर्मचं पॅन वेगळं निघतं, टॅक्सचा दर मोठा, कागद थोडे वाढतात. पण दोघांचा मेहनताना करारात बराबर लिहून घेतला तर तुमच्या एवढ्या कामात जड जाणार न्हाई. अन् कंपनीला पाहिजे तसं बिल एकच." मग तिनं कोरा कागद ओढला. "फर्मचं नाव सांगा."

मला पलंगाखालचा बोर्ड आठवला. सावलीची अक्षरं आठवली. पण या वेळी मी आधी दैवशालाकडं पाहिलं.

"कचरूची लेक," दैवशाला म्हणाली.

गजालानं लिहिलं. मी अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं, "अन् मी?"

दैवशाला माझ्याकडं वळली. किती दिवसांनी ती हसत होती. "तुम्ही कोण लागता कचरूचे?"

आणि अशा रीतीनं आमच्या फर्मचं नाव 'कचरूची लेक आणि जावई' असं ठरलं. रामरावांना ते भारदस्त वाटत नाही, ख्वाजामियाँना फार आवडलं. पेंटरनं जुन्याच बोर्डावर पांढरा रंग मारून नवीन नाव काढलं. नीट पाहिलं तर रंगाखाली अजून 'सम्राट' दिसतो, पण कुणी नीट पाहत नाही.

दुरुस्त कार्ड आलं ते ख्वाजामियाँनी उघडलं नाही, पाकीट तसंच आणून दैवशालाच्या हातात दिलं. तिनं वाचलं, एका ओळीवरून बोट फिरवलं आणि देव्हाऱ्यात नेऊन ठेवलं. फर्मचा नंबर निघाल्यावर गजालानं तिच्याकडं झेरॉक्ससाठी ते कार्ड मागितलं, तेव्हा ते हळद-कुंकू पुसूनच द्यावं लागलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही रेकॉर्डिंग केलं. गोधड्या टांगल्या, पंखा बंद केला. मी स्वस्तातली पिशवी आणली, तिनं माझी शोभा केली आणि शेवटी म्हणाली, "न्या, पेरा, अन् उगवलं न्हाई तर कचरूला धरा!" त्यानंतर माझं एक वाक्य होतं. ते मी कागदावर खोडून टाकलं. ती जागा आम्ही रिकामीच ठेवली.

बिल गेलं, रेकॉर्डिंग गेलं, पुण्याचा माणूस पुण्यातच राहिला. दोन दिवसांनी कंपनीतल्या त्या मुलीचा फोन आला. "सर, सगळं ओके आहे. फक्त साहेब विचारत होते, शेवटच्या वाक्यातला हा कचरू कोण?"

"आमचे सासरे," मी म्हणालो. "खरे."